अयूब तांडेलचा हात

१

तस्नीम होडेकर नेमकं काय काम करते, हे रत्नागिरीच्या राजिवड्यातल्या बायांना आजवर कळलेलं नाही. 'पिक्चरमध्ये आहे' म्हटलं की त्या तिच्या नाकाडोळ्यांकडे बघायच्या नि 'असेल बाई' म्हणून गप्प बसायच्या. खरं तर ती माहितीपट काढणाऱ्यांना जुनं चित्रण शोधून द्यायची. कुणाच्या माळ्यावरची लग्नाची कॅसेट, कुठल्या कपाटात बुरशी धरलेली रिळं, बंद पडलेल्या चॅनेलचा कचरा, सगळं उपसायचं. शोधून भागत नाही. त्यातला एकेक चेहरा मोजायचा. कोण, कुठला, जिवंत की मयत, दाखवायला घरच्यांची हरकत आहे का, हे सगळं तक्त्यात भरायचं. बारा वर्षांत तिने एक नियम मोडला नव्हता. एकाचा चेहरा दुसऱ्याच्या गोष्टीला चिकटवायचा नाही.

या खेपेचं काम तिने दातओठ खात घेतलं होतं. पंच्याण्णव साली दाभोळच्या खाडीत 'मुबारक' नावाची लाँच लग्नाचं वऱ्हाड घेऊन निघाली नि मधेच बुडाली. परवाना चाळीस माणसांचा, चढलेली अठ्ठावन्न, गेलेली तेवीस. चौकशीच्या कागदात शेवटी एक ओळ होती: लाँच चालवणारा तांडेल अयूब याने हावरेपणाने जादा माणसे घेतली. अयूब तेविसांतच गेला होता, त्यामुळे उलट बोलायला कुणी नव्हतं. लाँचचा मालक याकूबशेठ सुटला, पुढे मोठा झाला, त्याने गावाला पाण्याची टाकी बांधून दिली. आणि अयूबची बायको बिल्किस सहा वर्षांची पोर काखोटीला मारून दाभोळहून रत्नागिरीत आली. घाईत फोटोंची पेटी मागे राहिली, ती कुणीतरी अंगणात ओतून जाळली. आपल्या माणसाचा चेहरा बिल्किसने तीस वर्षांत पाहिला नव्हता.

ती सहा वर्षांची पोर म्हणजे तस्नीम. या लाँचवर माहितीपट काढणाऱ्या मुंबईच्या कंपनीला तिने हे सांगितलं नव्हतं. सांगितलं असतं तर काम दुसऱ्या कुणाला दिलं असतं, आणि दुसऱ्या कुणाला काय पडली होती?

२

कॅसेट मिळाली लांज्याला. केरू मांडवकर म्हणून एक लग्नाचं शूटिंग करणारा होता. तो चार वर्षांपूर्वी वारला. त्याची बायको तुळसा काजू सोलत अंगणात बसली होती. तिने काही न विचारता आतून एक डबा आणून दिला. फडक्यात बांधलेली कॅसेट, वर चिठ्ठी: कुवेतला पाठवायची. नवऱ्यामुलाचा भाऊ कुवेतला होता, त्याला लग्नाला येता आलं नव्हतं. त्या काळी असंच असायचं. लग्न इथे व्हायचं नि कॅसेट विमानाने तिकडे जायची.

"ही कधी लावली होती का?" तस्नीमने विचारलं.

"ह्यांनी कधी म्हणून लावली नाय," तुळसा म्हणाली. "शेठच्या भीतीनं कुणाला दावली पण नाय. मी विचारलं की म्हणायचे, राहू दे गो, तिच्यात गर्दी फार हाय."

"पण स्वतः केरूकाका कसे वाचले?"

"तांडेलानं चढू दिलं नाय त्यांना. कॅमेऱ्यासमोर हात धरलान, म्हणाला तू नको. त्या हातानं वाचलं माझं कपाळाचं कुंकू." तुळसाने सोललेले गर पुन्हा पुन्हा चाचपले. "तुझा कोण लागायचा तो?"

तस्नीमने सांगितलं.

रविवारी घरी माडीवरच्या खोलीत तिने जुना व्हीसीआर जोडला, चित्र लॅपटॉपवर उतरवलं. लाँच निघतानाचा तुकडा दोन मिनिटं चौदा सेकंदांचा होता. धक्का, माणसं, पेट्या, इंजिनाचं डुगडुग. आणि लाँचच्या तोंडाशी अब्बा. उजवा हात समोर, पंजा उघडा, येणाऱ्यांना मागे ढकलत होता. एकदा, दोनदा, तीनदा. "बस झालं! पुढच्या फेरीला या!" चित्राच्या डाव्या कडेला धक्क्यावर पांढरी टोपी, हातात काठी, तो याकूबशेठ. त्याचा आवाज घण घातल्यासारखा स्वच्छ: "भर रे अयूब! लाँच माझी हाय का तुझी?" माणसं हाताखालून घुसली. शेवटी अब्बाने कॅमेऱ्याकडे बघून पंजा धरला. तू नको.

तस्नीमने डोकी मोजली. अठ्ठावन्न, अब्बा धरून. कागदाशी बरोबर जुळलं. मग ती टेबलावर डोकं टेकून रडली, आणि रडता रडता तिला इतका संताप आला की हातातली पेन्सिल मोडली.

अम्मी जिन्याखाली उभी होती. "मिळाला काय गो तो?"

"मिळाला."

"मला दाखव."

"आत्ता नाय अम्मी. आवाज साफ करते, चित्र साफ करते. आधी सगळ्या जगाला दाखवू दे, मग मोठ्या टीव्हीवर तुला."

"मला जगाशी काय करायचंय? मला त्याचा चेहरा दाखव."

"चार दिवस थांब," तस्नीम म्हणाली. तीस वर्षं थांबलीस, त्यात चार दिवस काय, असं तिच्या मनात आलं.

३

सोमवारी सकाळी तिने तो तुकडा दिग्दर्शकाला पाठवला. ऋत्विक नाव त्याचं. वय बत्तीस, गळ्यात कायम ते मोठाले हेडफोन, जेवतानासुद्धा. दुपारी त्याचा फोन आला.

"तस्नीम, तू कमाल आहेस! काय सोनं शोधलंयस! फक्त एक छोटी अडचण आहे. आपली गोष्ट हावरट तांडेलाची आहे ना, आणि हा माणूस नको नको करतोय."

"मग गोष्ट बदल."

"अगं, प्रोमो शुक्रवारी अकराला जातोय, आता कुठे बदलू? पण सानवीनं एक आयडिया काढली." सानवी म्हणजे त्याची एडिटर, केसांची टोकं गुलाबी रंगवलेली. "शॉट उलटा चालवला ना, की हात बाहेर जायच्या ऐवजी आत येतो. चक्क बोलावतोय असं वाटतं! या, या! आवाज काढून टाकला, खाली फक्त इंजिन ठेवलं. आम्ही दोघांनी दहादा बघितलं, अंगावर काटा येतो. तुला पाठवलंय, बघ."

तस्नीमच्या तळपायाची आग मस्तकात गेली. "मेलेल्याच्या टाळूवरचं लोणी खातोस रे तू! तेवीस माणसं गेली तिथे. तो माणूस त्यांना थांबवत होता, दिसत नाही तुला? डोळे फुटले?"

"इतकं पर्सनली का घेतेस?"

"कारण तो माझा बाप आहे."

मग ऋत्विक हळूच म्हणाला, "बाप रे. अगं मग तर भारीच! तुझी मुलाखतच घेऊ. मुलगी बापाला माफ करते, असा शेवट."

तिने फोन भिंतीवर आपटायचा तेवढा बाकी ठेवला. त्याने पाठवलेली फाईल समोर आली होती, पण ती तिने उघडली नाही. उघडणारही नव्हती. आपल्या बापाला उलटा नाचवलेला कोण बघेल?

४

मंगळवारी दुपारी ती तक्ता भरायला बसली. चेहऱ्याला चेहरा, नावाला नाव. खिडकीबाहेर मच्छीच्या टेंपोचा भोंगा वाजत होता, खाली अम्मी तांदूळ निवडत होती. अठ्ठावन्न ओळी भरल्या आणि एक डोकं शिल्लक राहिलं.

तिने पुन्हा मोजलं. एकोणसाठ. साठ.

लाँचच्या मागच्या टोकाला, पाठमोरा, कुणीतरी बसला होता. मानेभोवती काळं, जाड, कमानीसारखं काहीतरी. टॉवेल असेल, ती म्हणाली. गळ्यात टॉवेल टाकून बसतात लोक. मग तिने चित्र मोठं केलं. दोन्ही कानांखाली दोन गोल वाट्या होत्या. त्याच्या शेजारी एक मुलगी होती, आखूड केसांची, केसांची टोकं गुलाबी. पंच्याण्णव साली दाभोळच्या वऱ्हाडात गुलाबी केसांची मुलगी!

कुणीतरी वात्रटपणा करतंय, हा तिचा पहिला विचार. ऋत्विकने फाईलमध्ये घुसून हे चिकटवलं. पण तिची फाईल तिच्या लॅपटॉपवर होती. म्हणून तिने मूळ कॅसेट पुन्हा व्हीसीआरमध्ये घातली. कॅसेटला इंटरनेट नसतं, तिच्यात कुठून कोण घुसणार? कॅसेटमध्येही साठच होते.

तिने मुंबईला ऑफिसात फोन लावला. निर्मितीचं बघणारी मृणाली होती, ती रडकुंडीला आली होती.

"ऋत्विक काल संध्याकाळपासून आयसीयूत आहे गं. फुप्फुसात पाणी झालंय म्हणे, न्यूमोनिया. अचानक! आणि सानवी पण तिथेच. डॉक्टर म्हणतात ऑफिसातला एसी तपासा."

"तो उलटा शॉट कुणी कुणी पाहिला?"

"हे काय विचारतेस आत्ता? त्या दोघांनीच. मी शुक्रवारी सगळ्यांबरोबर बघणार."

"मृणाली, तो प्रोमो थांबव."

"थांबवू कसा? चॅनेलकडे गेलाय, त्यांनी न बघताच वेळ लावून ठेवलीय. आणि ऋत्विकची शेवटची... म्हणजे त्याचीच इच्छा आहे ना ती."

न्यूमोनिया होतो माणसाला. एसीत जंतू असतात, पेपरात आलं होतं. तस्नीमने हे स्वतःला तीनदा समजावलं. मग तिच्या ध्यानात आलं की आपल्याला भीती वाटतेय खरी, पण तिच्याखाली दुसरंही काहीतरी आहे, आणि ते बरं वाटण्यासारखं आहे.

५

बुधवारी सकाळी ती याकूबशेठच्या रत्नागिरीतल्या बंगल्यावर गेली. थिबा राजवाड्याकडे जाणाऱ्या चढावर, फाटकाला पितळी पाटी, आत कलमांना मोहोर आलेला. वाटेत रिक्षात तिने हिशेब स्वच्छ मांडला होता. हा नुसता उलटा शॉट असेल तर म्हाताऱ्याचं काय वाकडं होणार आहे? आणि नुसता नसेल, तर त्याची पाळी तीस वर्षं चुकलीय. दोन्हीकडून आपणच बरोबर.

शेठ ऐंशीच्या पुढचा, कानात यंत्र, समोर खजुराची बशी. "कोणाची पोर गो तू?"

"अयूब तांडेलाची."

त्याचा चेहरा किंचितही हलला नाही. "अच्छा. चांगला होता बिचारा. जरा हावरा होता, पण आता अल्लानं माफ केलं असेल."

चोर तो चोर, वर शिरजोर! तस्नीमच्या कानशिलातून वाफा निघाल्या. आईच्या तीस वर्षांच्या मान खाली घालून चालण्याला हा खजूर खात 'माफ' करतोय!

"तुम्हाला अब्बांचं चित्रण दाखवायला आणलंय," ती म्हणाली. लॅपटॉप त्याच्यापुढे ठेवला, ऋत्विकने पाठवलेल्या फाईलवर बोट आपटलं आणि पडदा पूर्ण त्याच्याकडे फिरवला. ती स्वतः फक्त त्याचं तोंड बघत राहिली. डुगडुग सुरू झालं.

शेठ वाकला. चष्मा वर केला. "हा... हा माझ्याकडं बघून हात का करतोय?"

"तुम्हीच विचारा ना. लाँच तुमची."

"बोलावतोय काय मला?" त्याने पाय जवळ ओढून घेतले, जमिनीवरून काही सरकत आल्यासारखे. मग नोकराला हाक मारून म्हणाला, "रामा, इथं पाणी कुणी सांडलं रे?"

रामा आला, खाली वाकून बघून गोंधळला. फरशी कोरडी ठणठणीत होती.

तस्नीम लॅपटॉप मिटून उठली. फाटकापर्यंत ती हसत होती.

६

गुरुवारी सकाळी दहाच्या सुमारास मशिदीच्या भोंग्यावरून मयतीची खबर दिली. याकूबशेठ झोपेतच गेले. शेजारणीने वर पुस्ती जोडली, उशी निथळत होती म्हणे, तोंडातून पाणीच पाणी.

तस्नीम माडीवर धावली. कॅसेट लावली. धक्क्याच्या डाव्या कडेला कुणीच नव्हतं. काठी नव्हती, टोपी नव्हती, 'भर रे अयूब' नव्हतं. टोपी लाँचवर होती, कठड्याला चिकटून, आणि तिच्याखालच्या चेहऱ्याचं तोंड उघडं होतं. एकसष्ट. त्यांच्या भाराने लाँच पाण्यात खाली गेली होती.

तिला बरं वाटलं. लपवायचं कशाला? तीस वर्षांत पहिल्यांदा पोटभर बरं वाटलं. त्या आनंदात मृणालीला दाखवायला म्हणून तिने ऋत्विकची फाईल शोधून वर काढली. निदान मृणाली घाबरेल, प्रोमो थांबवेल. पण मृणालीला दाखवायचं म्हणजे काय, हे ध्यानात येऊन तिचा हात थबकला. फाईल पडद्यावर तशीच राहिली. मग तिला वाटलं, आज घरात काहीतरी चांगलं शिजलं पाहिजे. ती पिशवी घेऊन बाजारात गेली आणि भाव न करता अख्खी सुरमई घेतली. परत येताना तिने ठरवलं, आज अम्मीला दाखवायचं. मूळ चित्रण, सरळ, अब्बाच्या आवाजासकट. जग गेलं खड्ड्यात.

दारातच तिला इंजिनाची डुगडुग ऐकू आली.

जिना ती कशी चढली ते तिला आठवत नाही. अम्मी तिच्या खुर्चीत बसली होती. अम्मीला लॅपटॉपमधलं काही कळत नव्हतं, पण पडद्यावर मधोमध त्रिकोण दिसला की तिथे बोट लावायचं, एवढं कुवेतच्या भाच्यांचे व्हिडिओ बघून तिला येत होतं. तुकडा संपत होता, पुन्हा सुरू होत होता. तस्नीमने मान फिरवून, चाचपडत, लॅपटॉप मिटला.

"अम्मी!"

अम्मीच्या साडीचा काठ गुडघ्यापर्यंत भिजला होता. मासळी धुवायला बसली असेल, तस्नीमचं डोकं म्हणालं. पण मासळी तर तिच्या हातातल्या पिशवीत होती. अम्मीचे ओठ काळेनिळे पडले होते आणि ती हसत होती, नव्या नवरीसारखी.

"कसा दिसतो गो अजून," ती म्हणाली. शब्दांबरोबर घशात पाणी वाजत होतं. "मला बोलावलंन. हात करून बोलावलंन गो... तीस वर्षांनी."

"तो बोलवत नव्हता अम्मी! तो नको म्हणत होता! ते उलटं केलंय त्यांनी, अम्मी, ऐक माझं..."

पण ऐकायला अम्मी थांबली नाही. चार दिवस थांब म्हटलं होतं, त्यातला हा चौथा होता.

७

शुक्रवारी घरात बाया जमल्या होत्या. खालच्या खोलीत कुणी कुराण वाचत होतं, कुणी चहा करत होतं. तस्नीम भिंतीला टेकून बसली होती. रात्रभर तिने मृणालीला फोन केले होते, चॅनेलला पत्रं लिहिली होती. तिथल्या एका बाईने सांगितलं, 'मॅडम, तुमच्या दुःखात सहभागी आहोत, पण कायदेशीर हरकत असेल तर वकिलामार्फत कळवा.' तिला शिव्या द्यायच्या होत्या, पण तिने फोन ठेवून दिला. राग कुणावर काढायचा? उलटा हात ऋत्विकने केला, पण तो म्हाताऱ्यापुढे कुणी नेला, उघडा कुणी टाकला?

भिंतीवरच्या घड्याळात अकरा वाजले.

पहिली डुगडुग दारातून आली. शेजारची इरम, नववीतली पोरगी, फोन हातात घेऊन उंबऱ्यावर उभी होती. "तस्नीमआपा, हे बघ! आपल्या दाभोळच्या लाँचचं आलंय! हा माणूस बघ कसा हात..."

तस्नीमने झेप घेऊन फोन हिसकावला, पालथा जमिनीवर आपटला. बाया दचकून बघायला लागल्या. दुःखाने पोरीचं डोकं फिरलं, असं कुणीतरी पुटपुटलं. इरम रडवेली झाली नि एकदम खाली आपल्या पायांकडे बघू लागली.

दुसरी डुगडुग समोरच्या पानपट्टीतून आली. तिसरी माडीखालच्या दुकानातून. मग गल्लीभर, घराघरातून, थोडं पुढेमागे, तेच इंजिन. जेट्टीकडच्या बाजूने कुणीतरी खोकलं.

ती वर धावली. दार लावून घेतलं, कॅसेट आत ढकलली.

मोजायचं कुठून? धक्का माणसांनी काळा झाला होता. निळे शर्ट, शाळेचे गणवेश, हातात अजून फोन धरलेली माणसं, एकमेकांना रेटत लाँचवर चढत होती. मृणालीचा चष्मा तिला ओळखू आला. धक्क्याच्या टोकाला इरमची लांब वेणी होती. अब्बाच्या मागे, त्याच्या सदऱ्याचं टोक मुठीत धरून, अम्मी बसली होती. ती गर्दीकडे बघत नव्हती, त्याच्याकडेच बघत होती.

आणि अब्बा उभा होता. त्याने दोन्ही हात पुढे धरले होते, दोन्ही पंजे उघडे. मानेच्या शिरा ताणून तो ओरडत होता. "बस झालं! अरे बस झालं! पुढच्या फेरीला या!" एकदा त्याने कॅमेऱ्याकडे, सरळ तिच्याकडे बघितलं आणि पंजा धरला. तू नको. मग पुन्हा गर्दीकडे वळला.

तस्नीम पडद्याला हात लावून त्याच्याबरोबर ओरडायला लागली. थांबा, अरे थांबा, तो नको म्हणतोय! खालच्या बाया दार ठोठावू लागल्या. पडद्यावर कुणी मागे वळून पाहिलं नाही. त्याच्या हाताखालून वाकून सगळे आत घुसत होते, आणि लाँचचा काठ पाण्याच्या वर दोन बोटं उरला होता.